नवी वॉर्डेल, जुनी खुंटी

एल्ना कोस्कीच्या डीप फ्रीझरचं झाकण उघडण्याआधी तिला विचारावं, हे आमच्या गावात शेंबड्या पोरालाही ठाऊक आहे. तिचा भाचा कार्ल चांगला चाळिशीचा, पण त्याला ते भान नव्हतं. ब्लूबेरीची पिशवी काढायला तो तळघरात गेला आणि रिकाम्या हाताने वर आला. एल्ना ओट्याशी उभी राहून कणीक मळत होती.

"आत्या, मटारांच्या शेजारी दोन बंदुका झोपल्यात."

"झोपू दे. सकाळपर्यंत हलवू नकोस त्यांना," एल्ना म्हणाली आणि कणकेवर आणखी थोडं पीठ भुरभुरवलं.

ही बाई जन्मजात अशीच. शाळेच्या बसगाड्या दुरुस्त करण्यात तिची हयात गेली, आणि त्या हयातीत तिने कुठल्याही खोक्यावर छापलेल्या एकाही शब्दावर विश्वास ठेवला नाही. बुटांवर 'पाणी शिरत नाही' असं लिहिलेलं असलं की ही ते बूट घालून न्हाणीच्या टबात उभी राहायची आणि तिथेच अख्खं वर्तमानपत्र वाचून काढायची. लोक हसायचे. मग नवे बूट घ्यायची वेळ आली की तेच लोक तिच्या दाराशी. शेवटी हार्डवेअरच्या दुकानवाल्या डेल्मरने तिची मतं पुठ्ठ्यावर लिहून गल्ल्याशेजारी लावायला सुरुवात केली. 'एल्ना म्हणते : हे बर्फाचं फावडं दुसऱ्या हिवाळ्यात वाकतं.' फावडी पडून राहिली, पण डेल्मरचं बाकीचं दुकान चालायला लागलं. त्याने ते दुःख गिळलं.

फ्रीझरमधल्या त्या दोन बंदुकांपैकी एक एल्नाच्या थोरल्या भावाची, म्हणजे कार्लच्या बापाची, ओन्नीची. वॉर्डेल कंपनीची जुनी सेमी-ऑटोमॅटिक रायफल, दस्त्याचं लाकूड हाताळून हाताळून काळं पडलेलं. दुसरी त्याच कंपनीची तीच रायफल, पण नव्याने बनवलेली, डेल्मरने एल्नाला तपासायला दिलेली. या तपासणीवर ओन्नीचं सगळं अडून बसलं होतं.

त्यासाठी आधी खुंट्यांची गोष्ट सांगायला हवी. कोस्कींचा हरणांच्या शिकारीचा कॅम्प म्हणजे सीडरच्या झाडांच्या दलदलीकाठी एल्नाच्या आजोबांनी बांधलेली ओंडक्यांची खोली, एक चूल आणि वाफेत बसून न्हायची एक सौना. दाराच्या वर आतल्या बाजूला खुंट्यांची रांग. कॅम्पातला माणूस थकला की हंगामाच्या आदल्या संध्याकाळी तो आपली बंदूक खुंटीवर टांगतो आणि दुसऱ्या दिवसापासून ऍप्रन बांधून चुलीपाशी उभा राहतो. कुणी काही बोलत नाही. खुंटीवर गेलेली बंदूक खाली येत नाही, एवढंच. एल्नाच्या वडिलांची तिथे आहे, काकांची आहे. यात कमीपणा काही नाही. उलट स्वयंपाक्याचा शब्द कॅम्पात शेवटचा. वडील पहाटे चुलीशी बसून बाहेरचे बार ऐकायचे. मचाणावरून एकच बार झाला आणि मग शांतता, की ते कांदे चिरायला घ्यायचे, कारण पहिल्या हरणाचं काळीज कांद्यावर परतून सगळ्यांनी खायचं ही आमची रीत. दोन बार झाले तर थांबायचे. तीन झाले तर म्हणायचे, आज मटारचं सूप.

ओन्नीला मात्र एवढ्यात खुंटी नको होती. गेल्या हिवाळ्यात त्याच्या उजव्या खांद्याचं ऑपरेशन झालं. डॉक्टरने सांगितलं, हलका धक्का चालेल, जोराचा नाही. जुनी वॉर्डेल तर गाढवासारखी लाथ मारायची. तेवढ्यात नवी आली आणि कंपनीने जाहिरातीत छापलं की हिचा धक्का जुनीपेक्षा कितीतरी सौम्य आहे. ओन्नी जाहिरातीचा कागद घडी करून बहिणीकडे आला.

"जास्त काही नको. लाथ खरंच कमी मारते का, तेवढं बघून सांग," तो म्हणाला. "मारत असेल तर मी मचाणावर. नसेल तर खुंटी आहेच."

"आणि मधलंच काही निघालं तर?"

"मधलं काही नसतं, एल्ना."

एल्नाने आधी दोन्ही बंदुका स्वयंपाकघरातल्या काट्यावर ठेवल्या आणि तिच्या कपाळाला आठ्या पडल्या. नवी चांगलीच हलकी होती. हलकी बंदूक जास्त लाथ मारते. रिकामी बस खड्ड्यात भरलेल्या बसपेक्षा जास्त उडते, तसंच हे. मग हलकी करून वर धक्काही कमी केला म्हणणारी कंपनी एक तर खोटं बोलत होती, नाहीतर तिने काहीतरी गंमत केली होती. एल्नाला दोन्ही शक्यता सारख्याच आवडल्या.

तिच्या घरामागे खडीची जुनी खाण आहे. तिथे सगळं गाव नेम धरायला येतं. ऑक्टोबरातल्या छान उन्हात एल्ना तिथे पोचली ती जाड लोकरी कोट, टोपी आणि हातमोजे चढवून. ओन्नी शर्टाच्या बाह्या दुमडून आधीच येऊन बसला होता. त्याने बहिणीला नखशिखान्त न्याहाळलं आणि बर्फ कधीपासून पडणार म्हणून विचारलं. एल्ना म्हणाली, हरणं नुसत्या शर्टात मारणार असशील तर तू शर्टात नेम धर. आमच्याकडे बहुतेकजण हीच चूक करतात. उन्हात शर्टावर बंदूक खांद्याला नीट बसवून घेतात आणि नोव्हेंबरात कोट चढला की तीच बंदूक बोटभर लांब झालेली असते.

लाथ मोजायची कशी, हा खरा प्रश्न होता. आपल्याला कमी लागली म्हणणं म्हणजे मत, आणि मतावर एल्नाचा छापील शब्दाइतकाच विश्वास. म्हणून ती कणीक. दस्ता आणि खांदा यांच्या मधे पिशवीत घातलेला कणकेचा गोळा ठेवायचा, बार काढायचा, आणि कणकेत पडलेला खळगा आगपेटीच्या काडीने मोजायचा. पहिल्या दिवशी सगळा घोळ झाला. तिने निसूची, म्हणजे आमच्या वेलदोड्याच्या पावाची, यीस्ट घातलेली कणीक नेली होती. जुनीचे बार होईपर्यंत उरलेले गोळे उन्हात टम्म फुगले आणि नवीचे खळगे भलतेच खोल निघाले. नवीवर खोटेपणाचा शिक्का मारायच्या बेतात असताना एल्नाला शंका आली आणि तिने कपाळावर हात मारला. त्या कणकेचे पाव भाजले. ओन्नीने त्यातले खळगेवाले निवडून खाल्ले.

दुसऱ्या दिवशी यीस्टशिवाय कणीक. या वेळी काडी स्पष्ट बोलली. नवीचा खळगा जुनीपेक्षा बराच उथळ. एल्नाने गोळे बदलले, क्रम बदलला, हातमोजे बदलले, पण उत्तर बदललं नाही. मग ती दोन्ही बंदुका घरी नेऊन टेबलावर उघडून बसली, तेव्हा गंमत कळली. गोळीमागच्या वायूचा थोडा भाग वापरून पुढचं काडतूस आपोआप चढवायचं, ही दोन्हींची रीत एकच. पण जुनीत आतला लोखंडी ठोकळा मागे येऊन धाडकन आदळायचा. नवीत तो एका वेगळ्या स्प्रिंगवर हलकेच टेकत होता, शिवाय दस्त्याच्या टोकाला मऊ जाड रबर. एल्ना बराच वेळ तो ठोकळा बोटाने मागेपुढे करत बसली. कुणीतरी, कुठेतरी, नीट विचार केला होता. असं काही सापडलं की तिला मनापासून आनंद व्हायचा, मग ते फावडं असो की बंदूक.

रात्रभर फ्रीझरमध्ये राहूनही दोन्ही बिनतक्रार चालल्या. नेमही दोघींचा सारखाच, कागदी बशीवर तळहाताएवढ्या जागेत. नवीचा चाप जरा जड होता आणि मॅगझिन काढायची कळ इतकी बारीक की हातमोज्याला सापडायचीच नाही.

"नव्याचे नऊ दिवस," ओन्नी म्हणाला, पण ते म्हणताना त्याचा चेहरा फुलला होता.

"दहावा दिवस मी फ्रीझरमध्ये बघितला. लाथ खरंच कमी आहे. घे तू ही."

ओन्नीने नवी वॉर्डेल खांद्याला लावली आणि खाणीतल्या बशीवर बार काढला. बशी हलली नाही. तिच्या बऱ्याच खाली वाळू उडाली. पुन्हा तेच. नेमाची दुर्बीण सरकली असेल म्हणून त्याने डॉक्टरला न जुमानता आपली जुनी घेतली. जुनीनेही वाळूच उडवली. एल्नाने त्याच्या हातून दोन्ही घेऊन एकेक बार काढला. बशीला दोन भोकं.

आता एल्नाच्या ध्यानात आलं की आपण दोन बंदुका तपासल्या, तिसरं जे तपासायला हवं होतं ते तसंच राहिलं. गॅरेजात चाप तपासताना वापरायची खोटी काडतुसं तिच्या खिशात होती. तिने ओन्नीकडे पाठ करून नवी भरली, खऱ्यांच्या आधी एक खोटं. ओन्नीने नेम धरला, चाप ओढला. नुसती टिचकी वाजली. पण बंदुकीची नळी मान टाकावी तशी खाली गेली. ओन्नीचे डोळे मिटलेले होते आणि खांदा आत आक्रसलेला.

लाथ तर बसलीच नव्हती. ओन्नीने डोळे उघडले, खाली झुकलेली नळी बघितली आणि बंदूक हलकेच बाकावर ठेवली.

"हे लहान पोरांना शिकवताना करतात," तो म्हणाला.

"खांदा दुखतोय?"

"नाही दुखत. कधीचाच नाही दुखत. दुखेल म्हणून मी थांबलेला असतो."

दुधाने तोंड पोळलं की माणूस ताकही फुंकून पितो, आणि ताक जुनं की नवं याने फुंकण्यात फरक पडत नाही. एल्नाला हे कळलं आणि फार वाईट वाटलं. एवढ्या कणकेचा काही उपयोग नव्हता. ओन्नी खाणीतल्या वाळूकडे बघत होता. तो म्हणाला, "गेल्या वर्षीची ती मादी. मी सगळ्यांना सांगितलं, नेम चुकला, साफ गेली. साफ नव्हती गेली."

त्या पहाटे त्याच्या मचाणावरून तीन बार झाले होते, एल्नाला आठवलं. ऑपरेशनच्या आधीचा, खांदा ठणकत असतानाचा तो हंगाम. जखमी हरीण रक्ताच्या खुणा सोडत सीडरच्या दलदलीत शिरलं, ओन्नी अंधार पडेपर्यंत मागावर राहिला, मग वरून बर्फ पडला आणि खुणा पुसल्या गेल्या. आमच्याकडे माणूस रिकाम्या हाताने परतला तर त्याला हसतात, पण जखमी जनावर दलदलीत सोडून आलेल्याशी कुणी हसत नाही. एल्नाला त्याचा रागही आला आणि त्याच्या खांद्यावर हात ठेवावासाही वाटला. तिने नेमका डावा खांदा निवडला.

"मला का नाही सांगितलंस?"

"तू तपासलं असतंस," ओन्नी म्हणाला.

डेल्मरच्या दुकानात नवा पुठ्ठा लागला. 'एल्ना म्हणते : नवी वॉर्डेल जुनीपेक्षा हलकी असून लाथ कमी मारते. मॅगझिनची कळ हातमोज्याला सापडत नाही. घाबरलेल्या खांद्याला दोन्ही सारख्याच.' शेवटचं वाक्य काढून टाक म्हणून डेल्मर मागे लागला होता. गिऱ्हाईक स्वतःच्या खांद्याकडे बघत परत जातं, अशी त्याची तक्रार. एल्नाने ते काढलं नाही.

हंगामाच्या आदल्या संध्याकाळी ओन्नीने आपली जुनी वॉर्डेल वडिलांच्या बंदुकीशेजारच्या खुंटीवर टांगली. कार्लने बापाकडे बघायचं टाळलं आणि उगाच चुलीत लाकूड सारलं. दुसऱ्या दिवशी सूप करपलं. कुणी तक्रार केली नाही, आणि ओन्नीला तेच जास्त लागलं. एल्ना दिवसभर मचाणावर बसली, पण तिने एकाही हरणाकडे धड बघितलं नाही. तिच्या डोक्यात खुंटी होती.

"टांगलेली बंदूक खाली आली तर काय होतं?" तिने जेवताना विचारलं.

"येत नाही," कार्ल म्हणाला.

"कुणी उतरवून बघितली का कधी?"

कुणीच बघितली नव्हती. ओन्नीने तिच्या ताटलीत सूपचा आणखी एक डाव वाढला. "एल्ना, आजोबांचा कॅम्प फ्रीझरमध्ये घालू नकोस," तो म्हणाला. भांडी विसळून झाल्यावर एल्नाने एक खोटं काडतूस त्याच्या ऍप्रनच्या खिशात टाकलं, एवढंच.

वसंतात ओन्नीने नवी वॉर्डेल विकत घेतली. कॅम्पाला नेणार नाही, कपाटात शोभेला ठेवीन, असं त्याने डेल्मरला सांगितलं. मग त्याच्या गॅरेजात रोज संध्याकाळी एक उद्योग सुरू झाला. बंदुकीत खोटं काडतूस, नळीच्या टोकाजवळ आडवं ठेवलेलं पंचवीस सेंटचं नाणं, आणि चाप. नळी हलली की नाणं पडायचं. सुरुवातीला ते प्रत्येक वेळी पडलं. सिमेंटवरचा तो खणखणाट शेजाऱ्यांना पाठ झाला. एल्ना अधूनमधून निसू घेऊन जायची आणि बघून यायची. शाबासकी द्यायचा तिचा स्वभाव नाही. पडलं, ती म्हणायची. पुन्हा पडलं. राहिलं. उन्हाळा सरता सरता 'राहिलं' वाढत गेलं. मग खाणीत खरी आणि खोटी काडतुसं मिसळून, ओन्नीला न सांगता. तिथे नळीने सुरुवातीला पुन्हा मान टाकली. पानं पिवळी पडायला लागली तोवर ती सरळ राहायला शिकली, आणि कागदी बशीला भोकं पडायला लागली.

पुढचा हंगाम आला. आदल्या संध्याकाळी ओन्नी कॅम्पात शिरला तो एक लांब पेटी घेऊन. सगळ्यांनी ती बघितली आणि सगळ्यांनी सूपकडे लक्ष दिलं. जेवण झाल्यावर ओन्नीने पेटी उघडली.

"बाबा," कार्ल जरा अडखळत म्हणाला, "तुझी तर टांगलीय."

"टांगलेली टांगलेलीच आहे. तिला मी हात लावणार नाही. पण उद्या मचाणावर जायचं की नाही, हे तुमच्यासमोर ठरू दे." त्याने बंदूक रिकामी असल्याचं दाखवलं, खोटं काडतूस घातलं आणि नाणं मुलाच्या हातावर ठेवलं. "ठेव नळीवर. पडलं तर ऍप्रन बांधतो."

कार्लने नाणं ठेवलं. टिचकी वाजली. नाणं राहिलं. कार्लच्या चेहऱ्यावर हसू यायला लागलं, पण एल्ना म्हणाली की एकदा राहिल्याने काही कळत नाही, पुन्हा ठेव. पुन्हा राहिलं. आणखी एकदा, आणखी एकदा. आणि मग एका टिचकीला नाणं डगमगलं, घसरलं आणि लाकडी जमिनीवर पडून चुलीखाली गेलं.

ओन्नीने बंदूक खाली घेतली. "पडलं," तो म्हणाला.

"पडलं," एल्ना म्हणाली. पडलेल्याला ती राहिलं म्हणणार नव्हती. भावाला बंदूक पेटीत ठेवताना तिने बघितलं. मग वाकून तिने चुलीखालून नाणं काढलं, पुसलं, आणि ते हातात घेऊन तशीच थांबली. तिचा चेहरा फुगलेली कणीक बघितली त्या दिवसासारखा झाला.

"कार्ल, तुझी आण."

"माझी कशाला?"

"आण तर."

कार्लने आपली बंदूक रिकामी करून आणली. पहिल्याच टिचकीला नाणं पडलं. दुसऱ्यालाही. त्याचे कान लाल झाले. एल्नाने नाणं मुद्दाम कडेला ठेवलं म्हणाला, मग स्वतः ठेवलं, तरी पडलं. ओन्नी पेटीचं झाकण अर्धवट धरून बघत होता. मग एल्नाने स्वतःची बंदूक घेतली. आयुष्यभर तिने बूट तपासले, फावडी तपासली, बंदुका तपासल्या, भाऊ तपासला. तिने चाप ओढला आणि नाणं तिच्या बुटावर पडलं. न्हाणीच्या टबात तपासलेल्या त्याच बुटावर.

तिने पुन्हा करून बघितलं. तिसऱ्यांदा राहिलं, चौथ्यांदा पडलं. वर्षभर भावाची नळी बघताना आपली नळी कशी आहे हे बघायचं तिला एकदाही सुचलं नव्हतं. तिला लाज वाटली, आणि खरं सांगायचं तर कमालीची उत्सुकताही वाटली.

"म्हणजे या खोलीत सगळ्यात स्थिर हात बाबाचा," कार्ल सावकाश म्हणाला.

"दिसतंय तसं," एल्ना म्हणाली. तिने आपली बंदूक उचलली, स्टुलावर चढली आणि ती ओन्नीच्या जुन्या वॉर्डेलशेजारी टांगली.

ओन्नी उठून उभा राहिला. "अगं, खाली येत नाही ती."

"असं म्हणतात. पुढच्या वर्षी उतरवून बघते," एल्ना म्हणाली आणि त्याने बांधायचा राहिलेला ऍप्रन खिळ्यावरून स्वतः काढून घेतला.

पहाटे सगळे बाहेर पडले, नवी वॉर्डेल घेऊन ओन्नीसुद्धा. एल्नाने चूल पेटवली, कॉफी ठेवली आणि वडील बसायचे त्या बाकावर बसली. उजाडलं तसा दलदलीच्या बाजूने, ओन्नीच्या मचाणाकडून, एक बार झाला. ती कान देऊन बसली. कॉफी उकळून चुलीवर सांडली तरी ती उठली नाही. दुसरा बार झाला नाही. अजून थोडा वेळ तिने वाट बघितली, कारण एकदा ऐकून काही कळत नाही, आणि मग कांदे चिरायला घेतले.